चुकून आलेलं तळं

पहिल्या गोठणीचा महिना, चंद्र अर्धा
कोर्वा पठार

वन्सं,

तुमचा भाऊ गेला. हे वाक्य पहिलंच लिहिलं, कारण आधी हवापाण्याचं लिहीत बसले असते तर तुम्ही पत्र अर्ध्यावर टाकलं असतंत. तुमचा स्वभाव तेवरानने मला इतक्या वेळा सांगितला आहे की तुम्ही समोर नसतानाही मी तुम्हाला बिचकून असते.

फार हाल झाले नाहीत. खोकला उन्हाळ्यापासून होताच. शेवटच्या दुपारी दाराबाहेरच्या बाकावर बसला होता, रस्त्याकडे पाठ करून, नेहमीसारखा. मी सातूची पेज घेऊन गेले. ती त्याने घेतली नाही.

त्याला रीतीप्रमाणे नेलं. तोंड घराकडे, पाठ टेकडीकडे. जन्मभर हा माणूस पाठमोरा चालला. जे मागे राहिलं तेवढंच बघायचं, तेवढंच पानावर काढायचं, आणि पुढे काय येतंय ते त्याच्या पाठीशी चालणाऱ्या हाकारिणीने ओरडून सांगायचं. लहानपणापासून ते तुम्ही सांगितलंत. लग्नानंतर मी. शेवटच्या वाटेवर हाक देण्याचा मान पहिल्या हाकारिणीचा, म्हणजे तुमचा होता. तुम्ही नव्हता म्हणून मी दिली. "दगड. उतार. ओढा आहे, पाय भिजेल. आता चढ."

खांदा देणाऱ्यांतला एक जण पुटपुटला, "आता ह्यांचा कुठला पाय भिजतोय." त्यावर मासेवाली नाम्रे पुढूनच ओरडली, "तुझ्या बापाला नेताना हाक नव्हती, तेव्हा तू दोनदा तोंडावर पडलास. गप चाल."

मला हसू आलं, वन्सं. नवऱ्याच्या तिरडीपुढे चालताना हसू आलं. तेवरानला आवडलं असतं.

आता कामाचं. नकाशे धुवायचे आहेत. तुम्हाला रीत मी काय सांगायची. पण तळ्याकाठी आता वेल्सो गाव आहे, तिथल्या बायका रोज येऊन विचारतात आणि मी रोज तेच सांगते, त्यामुळे तोंडात बसलं आहे. नकाशेकार गेला की त्याच्या रेघा एक हिवाळा जमिनीला धरून ठेवतात. बर्फ वितळायच्या आत पानं इथेल नदीत धुतली नाहीत तर जमीन बिथरते, वाटा एकमेकींत गुंततात, माणसं परसातून घरात यायला चुकतात. धुवायची ती पहिल्या हाकारिणीने. आणि एक पान तिला न धुता राखता येतं. ज्याचं पान राहिलं ते ठिकाण जसं आहे तसं राहतं. बाकी सगळी जमीन आपल्या मूळ चालीवर जाते, मग नकाशेघराचा नवा माणूस येतो आणि जे दिसेल ते काढतो.

तेव्हा तुम्हाला यावं लागेल. मिरादेनहून मिठाच्या गाड्या निघतात त्यांतली शेवटची धरा. लोकर भरपूर घाला अंगावर, समुद्राकाठी राहून तुम्हाला इथल्या थंडीची आठवण राहिली नसेल.

कोणतं पान राखायचं ते तुमचं तुम्ही ठरवा. त्यात मी बोलणार नाही.

तुमची वहिनी,
सोवेनी


दुसऱ्या गोठणीचा महिना, अमावास्या झाली
कोर्वा पठार

वन्सं,

तुमचं उत्तर मिळालं. गाडीवाल्याने ते मिठाच्या पोत्यात खुपसलं होतं, अक्षरं थोडी खारवली आहेत. पण लिहिलंय एवढंसंच, त्यामुळे वाचायला अडचण आली नाही.

"येते. तळ्याचं पान पहिलं धुणार, माझ्या हाताने. मला माझ्या नवऱ्याला कोरडं करायचं आहे."

हे वाक्य घेऊन मी दिवसभर घरात फिरले. चुलीशी नेलं, बकऱ्यांकडे नेलं. त्याला काय उत्तर द्यायचं? खरं आहे ते. तुमचं कुरण, तुमचं घर, दाल्गो भावोजींच्या थडग्यावरची दगडांची रास, सगळं त्या पाण्याखाली आहे, आणि पाणी तुमच्या भावाच्या चुकीने आलं. भावोजींना जाऊन तेव्हा जेमतेम वर्ष झालं होतं. बकऱ्या गाडीत घालून तुम्ही निघालात तेव्हा तेवरान वाटेत उभा होता. तुम्ही गाडी त्याच्या अंगावरून नेली नाहीत एवढंच.

मी या पत्रात काही मागणार नाही. नुसतं बोलते. हिवाळा मोठा आहे आणि घरात बोलायला बकऱ्याच आहेत.

तुम्हाला ठाऊक आहे का, मी वाचायला तुमच्या अक्षरावरून शिकले? या घरात आले तेव्हा मला एक अक्षर येत नव्हतं. तेवरान पानं वाळत घालायचा, घरभर शाईतल्या काजळीचा आणि बकरीच्या पित्ताचा वास, आणि त्या प्रत्येक पानावर तुमच्या हातची नावं. त्याचं अक्षर म्हणजे कोंबडीने पाय ओढले, म्हणून नावं तुम्ही घालायचात. मी एकेका नावावर बोट ठेवून विचारायचे, हे काय? ओढा. हे? उतार. हे? वाईट उतार. बरीच वर्षं मला एवढंच वाचता येत होतं. हारसुनच्या बाजारात कोणीतरी प्रेमाच्या गोष्टींचं पुस्तक हातात दिलं, तर त्यात मला फक्त "टेकडी" हा शब्द सापडला, आणि मी तेवढ्यासाठी ते घेऊन आले. मग हळूहळू टेकडीच्या आजूबाजूचे शब्द सोडवले. अजूनही वाचताना तुमच्या वळणाचा "ट" दिसला की बरं वाटतं.

आणि पहिलं पान आठवतं तुम्हाला? तुमच्या आईच्या अंगणाचं? तो उलटा चालतोय, तुम्ही हाक देताय, दोघंही गुडघ्याएवढी. त्यात त्याने कोंबडी काढली, कारण ती तेव्हा तिथे उभी होती. जिवंत काही काढायचं नसतं हे कोणी सांगितलं नव्हतं. अजून त्या जागेवर एक कोंबडी उभी असते, वन्सं. एक मेली की दुसरी येऊन उभी राहते. शेजारी म्हणतात, तुमच्या नवऱ्याने डोंगर बांधला, नदीचा उतार बांधला, पण आम्हाला खरं पटलं ते कोंबडीमुळे.

पळता डोंगर त्याने रेघेने जागेवर बसवला, ते तुम्ही होतात तेव्हाचंच. त्यानंतरचं एक सांगते, ते तुम्हाला कळलं नसेल. सार्नेलच्या राजाचा सरदार आला होता, चांदीची खोगिरं घेऊन. त्याला शेजारच्या मुलखात सैन्य घालायचं होतं आणि मध्ये पर्वत होता. तिथे खिंड काढून द्या म्हणाला. तेवरान म्हणाला, "देतो की. पण माझ्या हाकारिणीचा आवाज बसलाय. हाकेशिवाय मी पाऊल टाकत नाही."

सरदार म्हणाला, "थांबतो आम्ही."

थांबला! अख्खा हिवाळा इथेच मुक्काम. मी अख्खा हिवाळा मुकी. खाटकाला माझी इतकी दया आली की तो मला नळीची हाडं फुकट घालायचा. शेवटी कंटाळून सरदार गेला. दुसऱ्या दिवशी मी खाटकाला म्हटलं, "आज चरबी कमी घाला," तर त्याच्या हातातला सुरा पडला. तेवरान म्हणायचा, माझ्या आयुष्यातला सगळ्यात चांगला नकाशा तो, न काढलेला.

वेल्सोबद्दल लिहायचं नाही असं ठरवलं होतं. पण लिहिते. तुम्ही गेलात तेव्हा तळ्याकाठी कोणी नव्हतं. नंतर समुद्रकिनाऱ्यावरची, घरंदारं बुडालेली माणसं आली, होड्या डोक्यावर घेऊन. पठारावर होड्या! आम्ही हसलो होतो. नाम्रे तेव्हा पोटुशी होती. तिने पाण्यात हात घातला, चाखलं, आणि म्हणाली, "गोड आहे. कोणाचं आहे?"

तेवरान म्हणाला, "कोणाचं नाही. माझी चूक आहे ती."

"मग तुमच्या चुकीवर आम्ही राहतो," ती म्हणाली. "दुसऱ्यांच्या शहाणपणावर राहून बघितलं. बुडालो."

तेव्हा पोटात होती त्या मुलीचं लग्न गेल्या साली तळ्यावरच लागलं. आता नाम्रे रोज येते, मासा ठेवते, आणि काही विचारत नाही. इतकी बडबडी बाई गप्प बसली की घाबरायला होतं. काल जाताना एवढंच म्हणाली, "तुमच्या वन्सं मासा खातात का हो?"

मी म्हटलं, माहीत नाही.

त्या दिवसाबद्दलही लिहिते, कारण तुम्हाला ते फक्त लोकांकडून कळलं. तुमच्या कुरणाच्या वरच्या अंगाने आम्ही चाललो होतो. उन्हाळा, दोघांच्या तोंडाला कोरड. मी हाक देत होते. एका घुशीच्या बिळात माझा पाय गेला, मी पडले, आणि श्वास कोंडला म्हणून हाक थांबली. आणि तो वळला. हातात पान, पानावर कुंचला, आणि मान पुढे. पुढे मी पडलेली, माझ्या मागे तुमचं कुरण, आणि कुरणावर उन्हाची लाट पाण्यासारखी हलत होती. मागे बघितलं की आहे ते दिसतं, पुढे बघितलं की हवं ते दिसतं, म्हणून तर वळायचं नसतं. त्याला पाणी दिसलं. हाताने पाणी काढलं. रेघ खोडता येत नाही, खोडली की तिथली जमीन फाटते. पुढच्या वितळणीला तळं आलं.

इतक्या वर्षांत तो एकदाच वळला, वन्सं.

सावकाश या. वाटेत ताक पिऊ नका, गाडीवाले शिळं देतात.

सोवेनी


तिसऱ्या गोठणीचा महिना, चंद्र भरत आलेला
कोर्वा पठार

वन्सं,

या वेळी तुम्ही पानभर लिहिलंत. मी ते उभ्याने वाचलं, मग बसून वाचलं.

तुम्ही लिहिता, "करड्या कड्यावर मी पडले तेव्हा माझी हाक थांबली नव्हती का? मांडीचं हाड मोडलं, मी खालच्या कपारीत पडले होते, आणि तो पाठ करून उभा राहिला आणि त्याने रेघ पुरी केली. मग आला. मीच सगळ्यांना सांगत फिरले, बघा, ह्याला म्हणतात नकाशेकार. जन्मभर लंगडले आणि जन्मभर त्याचं कौतुक केलं. आणि तुझा पाय घुशीच्या बिळात गेला तर तो वळला. कुरणाचं मला काही नाही, पोरी. कुरणं मिळतात. तुझ्यासाठी वळला तो. त्या तळ्याकडे बघून तुला काय वाटतं ते मला कळतं, म्हणून ते मी धुणार."

बरं झालं लिहिलंत. आता मलाही लिहिता येईल.

हो, मला ते वाटतं. खोटं कशाला बोलू? दिसायला मी बरी नव्हते, अक्षरशत्रू होते, या घरात आले तेव्हा गावाने तोंडावर सांगितलं की हेरुथाच्या, म्हणजे तुमच्या, आवाजाची सर हिला नाही. पण बाजारातून येताना तळं दिसायचं आणि मनात यायचं, हे माझ्यासाठी वळून बघितलेलं आहे. एवढं मोठं. बदकं उतरतात त्यावर. दुसऱ्या कोणाच्या नवऱ्याने असं काही केलं असेल तर दाखवा. तो गेल्यावर तर मी रोज काहीतरी निमित्त काढून तिकडे जाते.

आता ऐका. शेवटच्या आठवड्यात त्याला बोलायची लहर यायची. मी त्याच्या पायांना चरबी चोळत होते. पठारावर सगळ्यांच्या टाचा फुटतात, नकाशेकारांचे चवडे फुटतात. मी सहज म्हटलं, "त्या दिवशी वळलास नसतास तर वन्सं आज इथे असत्या."

तो म्हणाला, "वळलो तो आक्कासाठीच."

मला वाटलं, ताप चढलाय. मी म्हटलं, "आक्का कुठे होती तिथे? मी होते."

तो म्हणाला, "तू पडलीस ते मला कळलंच नाही. हाक थांबली तेवढं कळलं. ती कड्यावरची शांतता होती. तीच. कड्यावर मी रेघ पुरी केली, कारण अर्धी रेघ सोडली असती तर कडा खाली आला असता आणि आक्का त्याच्याखाली होती. बरोबर केलं मी. पण ते बरोबर होतं म्हणून मला ते विसरता आलं नाही, चुकलं असतं तर कधीच माफी मागून मोकळा झालो असतो. कुरणावर ती शांतता पुन्हा आली, आणि मी वळलो. तिच्यासाठी वळलो. उशिरा वळलो. समोर तू होतीस."

मग त्याला खोकला आला आणि ते बोलणं तिथेच राहिलं. मी चरबी चोळत राहिले. दुसरं काय करणार होते?

हे मी तुम्हाला सांगणार नव्हते. पहिलं पत्र लिहिताना नव्हते, दुसरं लिहिताना तर मुळीच नव्हते. दुसऱ्यात ते वाक्य मी कसं लिहिलं आहे बघा, एकदाच वळला म्हणून. ते वाक्य मला हवं होतं. पण तुम्ही ते तळं माझं समजून धुवायला निघालात, आणि ते तुमचं आहे.

आणखी एक. दाल्गो भावोजींच्या राशीवर दरवर्षी दगड पडतो. त्यांच्या दिवशी नाम्रे मला होडीतून नेते आणि मी वरून सोडते. रास नेमकी कुठे आहे ते तेवरान काठावर उभं राहून, पाठमोरा होऊन, सांगायचा. "अजून डावीकडे. अजून. हां." यंदा तो नव्हता, मी अंदाजाने टाकला. चुकला असला तर तुम्ही आल्यावर बघा.

आता मागते. ते पान राखा, वन्सं. नाम्रेसाठी राखा, त्या माणसांना दुसऱ्यांदा होड्या डोक्यावर घ्यायला लावू नका. नाही राखलंत तरी तुमची खोली झाडून ठेवली आहे. जाड रजई तुमच्याच बाजूला घातली आहे.

सोवेनी


वितळणीचा महिना, नवा चंद्र

तेवरान,

हे पत्र कुठे पाठवायचं ते मला माहीत नाही. तुझी नकाशांची नळी रिकामी झाली आहे, तिच्यात घालून ठेवीन.

तुझी आक्का आली. मिठाच्या गाडीत मागे तोंड करून बसली होती आणि गाडीवाल्याला सांगत होती की त्याला बैल कळत नाहीत आणि रस्ता त्याहून कळत नाही. उतरली, काठी टेकली, मला वरपासून खालपर्यंत बघितलं.

"वाळलीस," म्हणाली.

"तुम्ही पण," मी म्हटलं.

"मी म्हातारी झालेय. तुला काय धाड भरलीय?"

मग आत येऊन जेवली. आंबवलेला मुळा तीनदा घेतला. पत्रांबद्दल एक अक्षर नाही. तुझ्या बाकावर बसली नाही, पण जाता-येता त्याला हात लावायची. तू तिच्या आवाजाबद्दल सांगायचास ते अजून खरं आहे. मीठ मागते तेव्हाही डोंगर ऐकत असेल असं वाटतं.

धुण्याच्या आदल्या दिवशी सकाळी म्हणाली, "चल, दाखव."

नाम्रेने होडी काढली. ती नुसती वल्ही मारत होती, आणि तिच्या कानाची पाळी लाल झाली होती. पाणी थंडीने स्वच्छ झालं होतं. खाली बघितलं तर रास दिसली. वरचे दगड मी टाकलेले, गोल, ओढ्यातले. खालचे तिचे, कुरणातले, चपटे. माझा यंदाचा दगड बाजूला गाळात पडला होता.

"हा चुकला," ती म्हणाली.

"तेवरान नव्हता सांगायला," मी म्हटलं.

तिने पिशवीतून मिरादेनचा एक काळा दगड काढला, समुद्राने गुळगुळीत केलेला. बराच वेळ हातात धरला. "दाल्गोला पाण्याची फार भीती. गुडघ्याच्या वर कधी गेला नाही." मग दगड सोडला. तो बरोबर राशीवर बसला. "इतकी वर्षं राहिलाय," म्हणाली, "झाली असेल सवय."

नाम्रेने तेव्हा तोंड फिरवून नाक शिंकरलं.

काठावर आलो. मला वाटलं, आता घरी. तर म्हणते, "पाठ कर. उलटी चाल. बघू त्याने तुला काय शिकवलंय."

"मी हाकारीण होते, वन्सं. मी कधी उलटी चालले नाही."

"मग आज चाल. मी हाक देते."

वेल्सोच्या बायका जाळी टाकून बघत होत्या. या वयात, माझे हे गुडघे. पण चालले. आणि तेवरान, काय सांगू तुला! पाठीमागे तिचा आवाज. "ओली वाळू. दगड, डावीकडे. लव्हाळं. थोडा चढ. दोरखंड पडलाय, उचल पाय." इतकी वर्षं मी हे देत आले, मला कधी मिळालं नव्हतं. पुढचं काही दिसत नाही आणि तरी पाय बिनघोर पडतो. समोर तळं लांब लांब जात होतं, होड्या, वाळत घातलेला मासा, सगळं मागे राहताना किती नीट दिसतं! तू जन्मभर हे बघत होतास. मला वाटायचं, बिचारा, याला पुढचं काही दिसत नाही.

आणि हाक थांबली.

मी एक पाऊल टाकलं. हाक नाही. आणखी एक. वारा तेवढा. मी वळले.

ती उभी होती. धडधाकट, काठीवर दोन्ही हात ठेवून.

"वळलीस," म्हणाली.

"हाक थांबली."

"मी मुद्दाम थांबवली."

"मला काय माहीत?"

"दोन पावलंही दम निघाला नाही तुझा," ती म्हणाली. "तुम्ही नवरा-बायको दोघंही कामाचे नाही." आणि खालीच बसली, ओल्या वाळूत, लुगडं भिजतंय याचंही भान नाही. मी शेजारी बसले. ती पाण्याकडे बघत राहिली, समोर तोंड करून. डोळे पुसले नाहीत, तसेच वाहू दिले. वेल्सोतली एक पोर येऊन आमच्याकडे टक लावून उभी राहिली, मग कंटाळून गेली.

दुसऱ्या दिवशी इथेलवर गेलो. कडेला अजून बर्फाच्या पापड्या होत्या. तिने बाह्या सारल्या आणि एकेक पान घेतलं. शाई सुटली की पाणी तपकिरी व्हायचं आणि लांब कुठेतरी काहीतरी हलायचं. पळत्या डोंगराचं पान धुतलं तेव्हा त्याने अंग झाडलं, ओल्या कुत्र्यासारखं, आणि थोडा सरकून पुन्हा बसला. म्हातारा झालाय तोही. हारसुनचा उतार, करडा कडा, सगळं गेलं. करड्या कड्याचं पान तिने इतर पानांसारखंच धुतलं, ना सावकाश, ना घाईने.

मग तुमच्या आईचं अंगण हातात आलं. तिथे ती थांबली. तुझी कोंबडी, तिची वेडीवाकडी पहिली अक्षरं. मला वाटलं, संपलं, हेच राखणार. काठावर वेल्सोची माणसं उभी होती, त्यांनाही तसंच वाटलं असावं. नाम्रेने मुलीचा हात धरला.

"गाढव," ती कोंबडीकडे बघून म्हणाली, तुला म्हणाली, आणि पान पाण्यात घातलं.

शेजारीण नंतर सांगत होती, अंगणातली कोंबडी इकडेतिकडे बघून चालायला लागली. कुठे जायचं ते तिला सुचेना.

शेवटी एकच पान उरलं. तिने हात पाण्याबाहेर काढले, माझ्या शालीला पुसले, स्वतःच्या नाही, आणि चांगले कोरडे होईपर्यंत पुसले. मग पान उचललं, उलगडून बघितलंही नाही, गुंडाळलं आणि काखेत मारलं.

"ए मासेवाली," ती ओरडली, आणि नदीपलीकडची मेंढरंसुद्धा थबकली. "पाणी राहतंय. पण मला दर साली मासा पाठवायचा. खारवून. मीठ बेताचं घाल, मिठाच्या गावात राहते मी."

नाम्रेने नुसती मान हलवली, हलवतच राहिली.

राखलेलं पान हाकारिणीबरोबर जातं, ही रीतच आहे. ते तिने मिरादेनला नेलं. गाडीत बसताना मला म्हणाली, "पुढच्या सालापासून राशीवरचा दगड नीट टाक. नाहीतर मला यावं लागेल."

"मग चुकवीनच," मी म्हटलं.

"चुकव," ती म्हणाली, आणि गाडीवाल्यावर खेकसली.

आता घरात तुझ्या हातची एक रेघ उरली नाही. भिंतीवर पानं वाळत घालायचे खिळे आहेत, त्यांवर मी कांद्याच्या माळा लावल्या. नकाशेघराचा नवा माणूस पुढच्या महिन्यात येईल. त्याला जेवायला घालीन.

संध्याकाळी तळ्यावर जाते. बदकं परत आलीत. येताना पाठमोरी चालत येते, म्हणजे पाणी शेवटपर्यंत दिसतं. वेल्सोच्या पोरी हसतात, हसू देत. हाक द्यायला कोणी नाही, म्हणून माझी मीच देते, हळू, तुला ऐकू जाईल इतपत. दगड. उतार. ओढा आहे, पाय भिजेल. आता चढ. अंगण. उंबरठा.

सोवेनी